त्या क्योतोच्या ताझुकोबाई

"काय हो निर्मलाताई, काल रात्री उशिरापर्यंत दिवा जळत होता तुमच्याकडे. तब्येत बरी आहे ना?"

"तब्येतीला काय धाड भरलीय! साकानेबाईंच्या मागे लागले होते."

"कोण, त्या कोपऱ्यावर नवीन भाडेकरू आल्यात त्या? मला वाटलंच. जरा आगाऊच दिसतात."

"अहो शालनवहिनी, कोपऱ्यावरच्या नाहीत, क्योतोच्या. साकाने ताझुको. जपानमधल्या पहिल्या स्त्री-दिग्दर्शक. जाऊनही पन्नासेक वर्षं झाली बाईंना."

"थांबा, नळ बंद करून येते, नाहीतर कुंडीतून ओघळ थेट तुमच्या अंगणात. हं, बोला आता. लग्न झालं होतं का?"

"पहिला प्रश्न बरा सुचतो तुम्हाला! झालं होतं आणि मोडलंही होतं. जन्म १९०४चा, क्योतोचाच. घरचं खाऊनपिऊन सुखी, वडील धंद्यातले, सिनेमावाल्यांत ऊठबस असलेले. दोशिशा म्हणून तिथलं नावाजलेलं मिशनरी कॉलेज आहे, तिथं इंग्रजी साहित्य शिकायला गेली, पण शिक्षण अर्धवट राहिलं. मग रीतसर बघून डॉक्टर नवरा. काही वर्षांत तो संसार मोडला आणि बाई माहेरी परत."

"डॉक्टर नवरा सोडला? अगं बाई."

"आता त्यात कुणाचं काय चुकलं ते मला विचारू नका. पंचविशीतली मुलगी घटस्फोट घेऊन घरी आली म्हटल्यावर क्योतोतही कुणी आरती ओवाळत नव्हतं. पण ही रडत बसली नाही. मला स्वतःच्या पायावर उभं राहायचंय, म्हणाली. वडिलांनी ओळख काढून निक्कात्सु कंपनीच्या उझुमासा स्टुडिओत चिकटवून दिली. १९२९ साल."

"म्हणजे वशिला."

"वशिलाच. नाही म्हणतच नाही मी. आत शिरायला वशिला चालतो, पुढचं निभावणं ज्याचं त्याला."

"हिरॉइन म्हणून घेतली असेल."

"नाही ना! कॅमेऱ्याच्या मागे. आणि वहिनी, तो काळ लक्षात घ्या. जपानी सिनेमात बायकांची कामं बायकांनी करायला लागून धड दहा वर्षंही झाली नव्हती. त्याआधी काबुकी नाटकांतल्यासारखे पुरुषच लुगडं, म्हणजे किमोनो, नेसून उभे राहायचे. १९२२मध्ये याच निक्कात्सुतल्या स्त्रीपार्टी नटांनी एकदम कंपनी सोडली, इतका तो बदल त्यांना झोंबला. त्यांच्यातलेच एक किनुगासा, ते पुढे मोठे दिग्दर्शक झाले."

"त्यात काय एवढं. आपल्याकडे बालगंधर्व नव्हते? आणि फाळक्यांची तारामती कोण, तर साळुंके!"

"हो, पण फाळक्यांनी लगेच पुढच्याच चित्रपटात दुर्गाबाई कामत आणि त्यांची कमळा, दोघी मायलेकींना उभं केलं. १९१३मध्येच. तेवढ्यापुरते आपण पुढे होतो जपानच्या. बरं, मुद्दा काय, पडद्यावरच बाई नवीन, तिथं कॅमेऱ्यामागे बाई म्हणजे प्रेक्षणीय स्थळच झालं असणार. आणि हिला काम मिळालं ते कुणाच्या हाताखाली? मिझोगुची केंजी!"

"हे मोठे का?"

"मोठे म्हणजे! जगातल्या चार-पाच थोर दिग्दर्शकांत नाव घेतात. बायकांच्या दुःखावर सिनेमे काढावेत तर मिझोगुचींनी. आणि स्वतः... सांगू का?"

"सांगा की. वाडगं धरून उभी आहे मी कधीची."

"धाकटेपणी घरात दारिद्र्य. थोरली बहीण दुसऱ्याच्या घरी द्यावी लागली, ती पुढे गेइशा झाली आणि तिच्या पैशांवर हे वाढले. हे एक. दुसरं, १९२५मध्ये ज्या बाईबरोबर राहत होते तिने रागाच्या भरात वस्तऱ्याने यांच्या पाठीवर वार केला. पेपरात आलं, कंपनीने काही महिने घरी बसवलं. त्या पाठीवरच्या वणाची गोष्ट जपानी सिनेमावाले आजही चवीने सांगतात."

"आणि अशा माणसाच्या हाताखाली माहेरी परत आलेली मुलगी! वडिलांनी चौकशी केली नव्हती का?"

"तोंडाने फटकळ, रागीट, एकेक प्रसंग नटांकडून पुन्हा पुन्हा करून घेणारे. असंही म्हणतात की सेटवरून हलायला नको म्हणून लघवीचं भांडंसुद्धा तिथंच ठेवायचे."

"शी! काय हो ताई, मी कढीपत्ता निवडतेय."

"मी फक्त सांगतेय. तर अशा माणसाकडे ही नोंदी ठेवायला लागली. कंटिन्युइटी म्हणतात बघा. एक दृश्य आज घेतलं, त्याच्या पुढचा तुकडा चार दिवसांनी घेणार. तेव्हा आज पंखा कुठल्या हातात होता, मघाशी साकेचा पेला अर्धा होता की पाऊण, किमोनोची कॉलर मानेवरून किती घसरली होती, कुठल्या शब्दाला बाई वळली, किती सेकंद झाले, हे सगळं एकीनं वहीत टिपायचं. ती चुकली की पडद्यावर नटीचा पेला आपोआप भरतो आणि थिएटरात लोक हसतात."

"म्हणजे लग्नात आहेराची वही धरून बसतात तसं. सगळ्या मांडवाला वाटतं, ही नुसती बसलीय."

"अगदी! आणि रात्री हिशेब लागेना की आधी तिच्याच नावानं हाका. ताझुकोचं तसंच झालं. वही धरता धरता साहाय्यक दिग्दर्शक, मग फिल्म कापायला, जोडायला बसली. मिझोगुची निक्कात्सु सोडून गेले तर ही त्यांच्याबरोबर. इरिए ताकाको म्हणून सरदार घराण्यातली नटी, तिनं स्वतःची चित्रसंस्था काढली होती, तिथं त्यांनी काम केलं. मग दाइइची एइगा म्हणून नवी कंपनी निघाली, तिथं. जिथं मिझोगुची तिथं ताझुको."

"मग लोक बोलत असतील की."

"बोलायला लोकांना काय लागतं? केस आखूड कापले, विजार चढवली, पुरुषी कोट घातला, एवढंसुद्धा पुरलं असेल. आता मला सांगा, किमोनो नेसून ती उंच मचाणावर चढणार कशी? केबलींच्या जंजाळातून धावणार कशी? पण वर्तमानपत्रवाल्यांना तेच आधी दिसायचं. बाईंनी काय केलं हे पुढं, काय घातलं होतं हे आधी."

"आत्ताही तेच छापतात. पुढं?"

"पुढं १९३६. दाइइचीत तिला स्वतःचा चित्रपट मिळाला. 'हात्सु सुगाता', ओगुरी फूयो नावाच्या जुन्या लेखकाच्या कादंबरीवरून. देखरेख मिझोगुचींची. वयाच्या बत्तिशीच्या उंबरठ्यावर बाई दिग्दर्शक झाल्या. पण सेटवरच्या पुरुषांना बाईच्या तोंडून हुकूम घ्यायची सवय नाही. ही सांगणार कॅमेरा इकडं, ते बघणार तिसरीकडं. चित्रपट आला, समीक्षकांनी फारसं गोड काही म्हटलं नाही. मिझोगुचींची छाया पडलीय, असाच एकूण सूर."

"छाया पडणारच. सात वर्षं ज्याची वही धरली त्याची छाया नाही पडणार तर कुणाची?"

"आणि गंमत ऐका. त्याच वर्षी मिझोगुचींचे दोन चित्रपट आले, 'नानिवा एरेजी' आणि 'गिओन नो शिमाई'. 'किनेमा जुम्पो' या सिनेमाच्या नियतकालिकाच्या त्या वर्षीच्या निवडीत एक तिसरा आणि एक पहिला. इथूनच मिझोगुची खरे मिझोगुची झाले असं जाणकार सांगतात. आणि या दोन्ही चित्रपटांवर संकलक म्हणून नाव कुणाचं? साकाने ताझुको."

"अय्या! म्हणजे स्वतःचा आपटला आणि साहेबांचा पहिला आणून दिला."

"आपटला म्हणू नका. कसा होता ते आज कुणी सांगूच शकत नाही. एकही प्रत उरलेली नाही. आपल्याकडेही तेच झालंय. मुंबईत फातमा बेगम यांनी १९२६मध्ये 'बुलबुल-ए-परिस्तान' काढला, ताझुकोच्या दहा वर्षं आधी, आणि त्याचीही प्रत नाही. दोन्ही देशांतल्या पहिल्या बाईचा पहिला चित्रपट गायब."

"नायट्रेटची फिल्म असायची ना? आमचे हे सांगायचे, पेट घ्यायची म्हणून."

"पेट घ्यायची, कुजायची, चांदी काढायला विकली जायची. शिवाय जपानवर बॉम्ब पडले ते वेगळेच. तो सगळ्यांचाच तोटा, नुसत्या बायकांचा नाही, हे कबूल करायला हवं. तर चित्रपट झाला आणि त्याच साली दाइइची कंपनी बसली. दुसरा चित्रपट कोण देणार? बाई पुन्हा साहेबांच्या हाताखाली. शोचिकु कंपनीत १९३९चा 'झांगिकु मोनोगातारी' आला, त्यातही ती साहाय्यक."

"मी तर सोडून दिलं असतं."

"तिनं सोडलं ना! मिझोगुचींना सोडलं. तोक्योला जाऊन रिकेन नावाच्या माहितीपट काढणाऱ्या कंपनीत लागली. होक्काइदोत जाऊन तिथल्या आइनु लोकांवर चित्रपट केला, १९४१मध्ये. तोही आज नाही. आणि मग १९४२मध्ये... इथं माझी रात्र गेली, वहिनी. १९४२मध्ये बाई मांचुरियात गेल्या."

"चीनमध्ये? लढाईत?"

"जपानने बळकावलेला भाग तो. तिथं बाहुलं राजा बसवला होता आणि मानएई म्हणून भली मोठी चित्रसंस्था उभारली होती, शिंक्योत, म्हणजे आजचं चांगचुन. तिचा मुख्य कोण होता सांगू? अमाकासु मासाहिको. हा लष्करी पोलिसातला अधिकारी. १९२३मध्ये तोक्योला मोठा भूकंप झाला, त्या गोंधळात यानं ओसुगी साकाए नावाचा क्रांतिकारक विचारांचा लेखक, त्याची बायको इतो नोए आणि सहा वर्षांचा भाचा, तिघांना पकडून मारलं. थोडी वर्षं तुरुंगात काढली आणि पुढं चित्रसंस्थेचा प्रमुख!"

"कर्म माझं. आणि आपल्या ताझुकोबाई तिथं नोकरीला?"

"दिग्दर्शक म्हणून! मायदेशी कुणी खुर्ची देत नव्हतं, तिथं दिली. दहाएक छोटे चित्रपट केले तिनं तिथं. बायकांसाठी, मुलांसाठी, शिकवायचे म्हणून."

"मग चांगलंच झालं की."

"घाई करू नका. त्यातला एक उरलाय. तिच्या उभ्या आयुष्यातल्या दिग्दर्शनातला उरलेला तेवढा एकच. १९४३चा, 'काइताकु नो हानायोमे'. जपानातून मांचुरियात जमिनी कसायला गेलेल्या शेतकऱ्यांच्या नव्या नवऱ्या. वीसेक मिनिटांचा आहे. मोकळं आभाळ, शेतात घाम गाळणाऱ्या बायका, पाळण्यातली पोरं, नवराबायको खांद्याला खांदा लावून काम करतायत. बाईनं बायकांकडे बघितलेलं आहे, असं अभ्यासक म्हणतात. त्यातल्या बायका रडक्या नाहीत, नटव्या नाहीत, कामाच्या आहेत."

"मग यात वाईट काय आहे?"

"जमीन कुणाची होती?"

"..."

"चिनी शेतकऱ्यांची. कवडीमोलानं घेतलेली, कित्येकांना घराबाहेर काढून. आणि हा चित्रपट कशासाठी? जपानातल्या मुलींना वाटावं, चला, आपणही नवरी होऊन तिकडं जावं. सुमारे पावणेतीन लाख माणसं गेली अशी. १९४५च्या ऑगस्टमध्ये सोव्हिएत फौजा आल्या तेव्हा जपानी लष्कर आधी पसार. मागं राहिल्या बायका, पोरं, म्हातारी. सुमारे ऐंशी हजार मेली म्हणतात, थंडीनं, उपासमारीनं, टायफसनं, काहींनी आपल्या हातानं पोरांना मारून जीव दिला."

"आणि तो चित्रपट बघून किती गेल्या असतील त्यात."

"ते मोजता येत नाही. पण मी आपली रात्री बसून तिच्या बाजूनं वकिली करत होते, कॅमेरा दुसऱ्या कुणी दिलाच नाही हो, वगैरे. आणि मग इथं येऊन अडकले."

"तुम्ही उगाच तिला डोक्यावर घेतलंत म्हणून अडकलात. पहिली बाई झाली म्हणजे चांगलीच बाई असावी, असं कुठं लिहिलंय? माझी आजेसासू गावातली पहिली शिकलेली बाई होती आणि सावकारी करायची."

"वा वहिनी! हे आवडलं."

"खरंच सांगते. व्याजात सवलत नाही एका पैची. पण कागद वाचता यायचे तिला, म्हणून बायका तिच्याकडंच जायच्या. बरं, त्या खुनी साहेबाचं काय झालं?"

"अमाकासु? सोव्हिएत फौजा येताच विष घेतलं. त्याच मानएईची नटी होती ली शिआंगलान, सगळा चीन तिला चिनी समजायचा. युद्ध संपल्यावर देशद्रोही म्हणून खटला भरला. जन्माची नोंद पुढं आली तेव्हा कळलं, ही तर यामागुची योशिको, अस्सल जपानी. एका कागदावर जीव वाचला. पुढं जपानच्या संसदेत निवडून गेली."

"हिच्यावर वेगळ्या दिवशी बोलू, जरा खमंग दिसतंय. ताझुकोबाई?"

"१९४६मध्ये जपानात परतल्या. चाळिशी ओलांडलेली बाई, पाठीशी एक कथापट, दहाएक माहितीपट, मिझोगुचींच्या थोर चित्रपटांचं संकलन. गेल्या शोचिकुच्या क्योतो स्टुडिओत. मला दिग्दर्शन द्या, म्हणाल्या. तिथं उत्तर मिळालं, साहाय्यक दिग्दर्शक व्हायला विद्यापीठाची पदवी लागते. तुमच्याकडं नाही."

"काय?"

"नियम. पदवी नाही, म्हणून दिग्दर्शनाच्या रांगेत उभंच राहायचं नाही."

"दिग्दर्शन करून आलेल्या बाईला उमेदवारीची परीक्षा? अहो, वीस वर्षं सैपाक केलेल्या बाईला तुम्ही पोळ्या लाटायचं सर्टिफिकेट विचाराल का?"

"विचारलं त्यांनी. आणि बाईंनी पुन्हा वही धरली. त्याच जागी, १९२९मध्ये जिथून सुरुवात केली होती तिथं. पुन्हा पंखा कुठल्या हातात, पेला किती भरलेला. संकलनही केलं. १९४८मध्ये मिझोगुचींनी 'योरू नो ओन्नाताची' काढला, युद्धानंतर ओसाकाच्या रस्त्यावर आलेल्या बायकांचा. संकलन ताझुकोंचं. आणि नायिका कोण? तानाका किनुयो. आता ही दुसरी बाई इथं का येते ते ऐका."

"ऐकते, पण कुकरची तिसरी शिट्टी झाली की मी जाणार."

"किनुयो म्हणजे तिथली सगळ्यांची लाडकी. १९०९ची. लहानपणी मुलींच्या पथकात बिवा नावाचं तंतुवाद्य वाजवायची, चौदाव्या-पंधराव्या वर्षी सिनेमात आली. जपानचा पहिला पूर्ण बोलपट १९३१चा, त्याची नायिका तीच. १९४९मध्ये अमेरिकेला गेली ती किमोनोत, परतली ती काळा चष्मा लावून, गळ्यात फुलांची माळ, गर्दीकडे हवेतून मुके फेकत. पेपरवाल्यांनी इतकी सालं काढली की बाईच्या मनात जीव द्यायचे विचार आले म्हणतात. मग मिझोगुचींच्याच चित्रपटांनी तिला पुन्हा उभं केलं. आणि १९५३मध्ये तिनं ठरवलं, आता मी दिग्दर्शन करणार."

"झालं! आता साहेब खूश असतील. आधी एकीला करून दाखवलंच होतं."

"साहेब कसले खूश! पहिला चित्रपट तिनं काढला. दिग्दर्शक नारुसे मिकिओंच्या हाताखाली आधी थोडी उमेदवारी केली, दुसरे दिग्दर्शक किनोशिता, त्यांनी पटकथा लिहून दिली. दुसऱ्या चित्रपटाची वेळ आली, पटकथेत दिग्दर्शक ओझु यासुजिरोंचा हात, तेही पाठीशी उभे. आणि मिझोगुची दिग्दर्शकांच्या संघटनेचे अध्यक्ष, त्यांनी मोडता घातला. किनुयोजवळ दिग्दर्शनाची अक्कल नाही, असं बोलले म्हणे."

"जिनं त्यांच्या चित्रपटात जिवाचं रान केलं तिला?"

"तिला. ओझुंनी नेट लावला आणि चित्रपट झाला. एकूण सहा केले किनुयोनं. पण मला कोडं आहे ते वेगळंच. ताझुकोला यांनी खुर्चीत बसवलं, स्वतः देखरेख केली. किनुयोला अडवलं. माणूस एकच. असं का?"

"यात कसलं कोडं? देखरेख म्हणालात ना तुम्ही मघाशी. ताझुको त्यांची होती हो. तिचं चांगलं झालं तर साहेबांनी शिकवलं, वाईट झालं तर बाईला जमलं नाही. किनुयो त्यांना न विचारता दुसऱ्यांच्या घरी शिकायला गेली. आमच्या शाळेत हेडमास्तर असेच होते, ज्या बाईला स्वतः पुढं करतील तिचं कौतुक, आणि जी आपणहून अर्ज करील तिच्या अर्जात शुद्धलेखनाच्या चुका."

"तुम्ही सिनेमाच्या अभ्यासकांना शिकवायला जा."

"मी काय सांगते. किनुयोबाईंची पदवी कुठल्या विद्यापीठाची?"

"तिची? शाळासुद्धा अर्धवट सुटलेली."

"मग तिला कशी चालली?"

"ती बाहेरून आली, नटी म्हणून. नाव एवढं मोठं की तिच्या नावावर पैसा लावणारे होते. ताझुको पगारावरच्या."

"म्हणजे नोकरांना पदवी आणि मालकिणीला माफ. आणि पहिली म्हणून नाव कुणाचं घेतात?"

"वर्षानुवर्षं लोक किनुयोचंच घेत होते. ताझुकोबद्दल अलीकडं लिहायला लागलेत. १९७५मध्ये गेल्या बिचाऱ्या. त्याच साली किनुयोला बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात अभिनयाचं रुप्याचं अस्वल मिळालं."

"तुमच्या त्या मिझोगुचींना कुणीतरी विचारायला हवं होतं हे सगळं, तोंडावर."

"ते १९५६मध्येच गेले."

"सुटले मेले! चला, तिसरी झाली."